उंच खडावांचा राजा आणि आमचा नागू

मंडळी, सगळे आलात. बरं वाटलं. वरुण्याचे आलात, बन्नूरचे सकाळची बस धरून आलात, देवराज मोहल्ल्यातले तर दुकानं बंद करून आलात. एवढी गर्दी बघून नागू म्हणाला असता, "वैनी, ही सगळी माझ्या सिनेमाला कुठे होती?"

मला बोलायला सांगितलंय. कसं बोलू? लग्न होऊन मी या म्हैसुरात आले तेव्हा हा माझा धाकटा दीर अर्ध्या चड्डीत होता. दारातच माझ्या शालूला रंगाचे हात पुसून पळाला. वयाने मोठी मी. आधी जायचा मान माझा. पण रांग मोडून पुढे घुसायची सवय त्याला लहानपणापासूनच.

  बोलणार तर आहेच.

मला अक्षर येत नाही, म्हणून कागद नाही. शेजारी माझी सून लिहून घेतेय, आठवण म्हणून छापायला. तिला बजावलंय, मी बोलते तसंच लिही, माझ्या बोलण्याला इस्त्री करू नकोस.

आणि तो फोटो बघा. केस किती चापून बसवलेत! कमला, तू निवडलास ना? तुझा नवरा आहे हे मला हार घालताना दोनदा बघावं लागलं. हसा, हसा. कमला पण हसतेय बघा. मी आज रडायला आलेली नाही. नागू जिंकून गेलाय. कसा जिंकला, ते सांगायला आले.

मागे पुण्या-नाशकाकडून नोकरीला आलेली मंडळी बसली आहेत, त्यांच्यासाठी थोडं मागून सांगते. नागराज शाळेत ड्रॉइंग शिकवायचा. सगळे त्याला मेष्ट्रु म्हणायचे, म्हणजे मास्तर. आमचं घराणं पिढ्यानपिढ्या म्हैसुरातलं मराठी, काम कापड रंगवायचं आणि छापायचं. ते केव्हाच बंद पडलं. सासऱ्यांचे लाकडी ठसे तेवढे उरले, कुयऱ्यांचे, वेलींचे, मोरांचे. कमला म्हणायची, बंबात घालते, निदान अंघोळीचं पाणी तरी तापेल.

ठसे बंबात गेले नाहीत. रिटायर झाल्यावर नागूने त्यांचा सिनेमा काढला.

खरंच सिनेमा. चालणाऱ्या चित्रांचा. ठशांनी कापड छापायचं, कांजी लावून कडक करायचं आणि त्यातून माणसं कातरायची. ती टेबलावर मांडायची. वर कॅमेरा टांगलेला. राजाचा पाय तांदळाच्या दाण्याएवढा सरकवायचा, फोटो काढायचा. परत दाण्याएवढा सरकवायचा, परत फोटो. मी एकदा बराच वेळ बघत बसले आणि विचारलं, "नागू, हा राजा दारापर्यंत पोचणार कधी?"

"दिवाळीपर्यंत पोचेल, वैनी."

ते काम चालू असेपर्यंत त्यांच्या घरात पंखा लावायचा नाही. राजा उडून जाईल! भर उन्हाळ्यात आम्ही घामाने निथळतोय आणि राजा मात्र गार टेबलावर आडवा. कमलाने एकदा सवयीने त्या टेबलावरून फडकं फिरवलं. राजा, राणी, हत्ती, सगळे खाली. तुम्हाला वाटेल, घरात रामायण झालं असेल. नागू नुसता बघत राहिला आणि म्हणाला, "ठीक आहे, राजा इथे घसरतो." म्हणून त्या ठिकाणी राजा एकदम पाय घसरून पडतो. लोक म्हणतात, मेष्ट्रूंची काय कल्पना! कल्पना कसली? कमलाचं फडकं.

आता विचाराल, त्या वयात हे खूळ कशासाठी? एका मुलीसाठी. त्याची नात, पवित्रा. ती तिथे खांबाजवळ बसलीय. खाली बघू नकोस गं, तुझंच सांगतेय.

पवित्रा लहान होती. याच हॉलमध्ये हळदीकुंकू होतं. तेव्हा पुण्या-नाशकाकडची नवी कुटुंबं नुकतीच इकडे राहायला आली होती. त्यांच्यातल्या कुणीतरी हिला जेवायला बोलावलं. ही म्हणाली, "आमी ऊटा करून आलो." ऊटा म्हणजे जेवण. आमच्या घराघरात हा शब्द मराठीच्या ताटात बसलेला आहे, तो कन्नड आहे हे आमच्या लक्षातही नसतं. ती नवी पोरं हसली. "ऊटा! ऊटा!" करत हिच्याभोवती नाचली. पोरंच ती, त्यांचं मी मनावर घेतलं नाही. पण आमच्या बायका? त्याही तोंडाला पदर लावून हसल्या. ज्यांच्या घरी सकाळपासून ऊटा ऊटा चालतं, त्या! का हसल्या? आपण हसलो नाही तर आपणही तसल्याच ठरू, ही भीती. दुसरं काय?

त्या दिवसापासून पोरीने मराठीला कुलूप लावलं. मराठीत विचारलं तर कन्नडमध्ये उत्तर. पाहुणे आले की, "मला मराठी येत नाही." आजोबांशीसुद्धा तेच. नागू एकदा माझ्या पायरीवर येऊन बसला. म्हणाला, "वैनी, पोरगी माझ्याशी पाहुण्यासारखी बोलते." एवढंच म्हणाला. चहासुद्धा घेतला नाही. चहा नको म्हणणारा नागू मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिला.

आणि मग त्याने ती गोष्ट रचली.

एक राजा होता. बुटका. त्याला बुटकेपणाची लाज. सुताराला सांगून त्याने उंच खडावा करून घेतल्या आणि म्हणाला, मोठी माणसं अशाच घालतात. झालं! प्रधानाने घातल्या. सेनापतीने घातल्या. शेठजींनी त्याहून उंच. हळूहळू सगळं गाव खटाक खटाक चालू लागलं. कपाळं चौकटींना आपटायला लागली, म्हणून चौकटी फोडल्या. खाली बसता येईना, म्हणून उभ्यानेच जेवू लागले. घास तोंडापेक्षा जमिनीवर जास्त. पाय सुजले ते धोतराखाली लपवले. आणि कुणी विचारलं, कसं वाटतं? तर सगळे एका सुरात, "होय होय, फार आराम आहे!"

राजाला एक छोटी नात होती. ती सगळ्यांपुढे हात वर करून उभी राहायची, "अज्जा, मला एत्तिको!" एत्तिको म्हणजे उचलून घे. पण वाकणार कोण? वाकला तर पडणार. राजा म्हणायचा, मोठी माणसं वाकत नसतात, बाळ. पोरगी या खडावांपासून त्या खडावांपर्यंत हात वर करून फिरायची.

शेवटी राजाच्या वाढदिवसाची मेजवानी. सगळे उभे. आणि राजाची म्हातारी आई खडावा भिरकावून देते, जमिनीवर फतकल मारते, पोरीला मांडीवर ओढते आणि म्हणते, "साकु! पाय गेले माझे. मला भूक लागली. ज्याला ऊटा पाहिजे त्याने खाली बसा!"

साकु म्हणजे पुरे. ती म्हातारी मी. म्हणजे आवाज माझा. नागूच्या खोलीत डोक्यावर गोधडी घेऊन बोलायला लावलं होतं मला, बाहेरच्या रिक्षांचा आवाज येऊ नये म्हणून. राजाचा आवाज आपल्या देवराज मोहल्ल्यातल्या गोविंदराव शिंप्यांचा. गिऱ्हाइकाला "परवा नक्की" सांगून सांगून खोटं बोलायचा सराव होता, राजा झकास वठला. राहिली राजाची नात. नागूने पवित्राला विचारलं. ती म्हणाली, "बेडा अज्जा." नको. मग त्या छोटीचा आवाजही नागूनेच काढला. तो पिपाणीसारखा आवाज ऐकून कमलाला वाटलं, दारात कुल्फीवाला आला.

सिनेमा पूर्ण झाला. आता दाखवायचा कुठे? इथेच. आपल्या वार्षिक मेळाव्यात.

अनंतराव, तुम्ही तेव्हा आपल्या समाजाचे अध्यक्ष होतात. उठून जाऊ नका. चांगलं पण सांगणार आहे.

अनंतरावांनी सिनेमा पाहिला आणि घामच फुटला त्यांना. "मेष्ट्रु, मेळाव्याला पुण्याचे प्रमुख पाहुणे येणार. त्यांच्यापुढे हे साकु, ऊटा, एत्तिको? लोक काय म्हणतील? शुद्ध आवाज घाला, नाहीतर पडद्यावर लावायला नको." आणि शुद्ध संवाद कुणी रचले? स्वतः अनंतरावांनी. आवाज द्यायला नव्या मंडळींना गाठलं. माझ्या म्हातारीसाठी ही आपली मृणाल. बिचारीला कुणी विचारलंच नाही की बाई, तुला मूळ आवाज चालतील का? पुण्याची आहे म्हणजे चालणार नाहीत, हे धरूनच चाललं सगळं.

नागू आधी भांडला.  मग हो म्हणून आला! मी तणतणत त्याच्याकडे गेले. म्हटलं, "राजाच्या खडावा शेवटी तूच घातल्यास ना रे?"

"वैनी, एकदा पडद्यावर येऊ दे. नाहीतर कपाटातच राहील. मला डॉक्टर जिना चढू देत नाही. मी किती थांबू?"

"आणि पवित्राला काय सांगशील?"

 सांगायची गरजच पडली नाही. पवित्रा दारातच उभी होती. कन्नडमध्ये म्हणाली, "मी म्हटलं होतं ना अज्जा, आपली भाषा चुकीचीच आहे." आणि आत निघून गेली. नागूचं तोंड मी तेव्हा पाहिलं. ज्या पोरीच्या मनातली लाज काढायला कापडाची माणसं तांदळा-तांदळाने चालवली, त्या पोरीला आता सगळ्या समाजाकडून सहीशिक्क्यानिशी सांगितलं जाणार होतं, तुझं बोलणं लाज वाटण्यासारखंच आहे. हे त्याला कळलं. पण शब्द देऊन बसला होता.

मेळाव्याची संध्याकाळ आली. सगळ्या रेशमी साड्या, अत्तरं. पाहुणे पहिल्या रांगेत. दिवे मालवले. पडदा उजळला. आमच्या सासऱ्यांची कुयरी भिंतीएवढी मोठी होऊन चालू लागली! काय सांगू, अंगावर काटा आला. आणि मग माणसं बोलू लागली.

छोटी नात हात वर करून म्हणते, "आजोबा, कृपया मला उचलून घ्यावे."

राजा म्हणतो, "हे उचित नव्हे."

एक माणूस हसलं नाही. पोरं जांभया देतायत. मोठे मात्र एकमेकांकडे बघून माना डोलावतायत. "काय शुद्ध! काय गोड!" माझ्या शेजारची बाई मला म्हणते, "छान आहे ना?" मी म्हटलं, "तुला कळतंय का?" ती म्हणाली, "नाही, पण छान आहे." समोर पडद्यावर गाव म्हणतंय फार आराम आहे, आणि खाली खुर्च्यांवर आम्ही तेच म्हणतोय. मागे वळून पाहिलं. पवित्रा शेवटच्या रांगेत, मान खाली.

मेजवानी आली. म्हातारीने खडावा भिरकावल्या, फतकल मारली. आणि माझ्या त्या म्हातारीच्या तोंडून आवाज आला, "पुरे झाले! मला क्षुधा लागली आहे. भोजनेच्छुकांनी आसनस्थ व्हावे."

क्षुधा! मंडळी, आयुष्यात मला भूक पुष्कळदा लागली. क्षुधा कधी लागली नाही.

मी गप्प राहायचं ठरवून आले होते, देवाशपथ. पण तोंडाने ऐकलं नाही. अंधारातून माझा आवाज गेला, "साकु! पाय गेले माझे! मला भूक लागली. ज्याला ऊटा पाहिजे त्याने खाली बसा!"

 पोरांच्या रांगेतून असा हशा फुटला! अनंतराव उठून म्हणतायत, "श्श! श्श!" तेवढ्यात मागून गोविंदराव शिंपी राजाच्या आवाजात ओरडले, "अय्यो आई, ऊठ ना! लोक बघतायत!" आता मोठेही हसले. प्रमुख पाहुणे तर खुर्चीवरून पडायचे बाकी. यंत्रापाशी बसलेल्या मृणालने काय करावं? आपलाच आवाज बंद करून टाकला. सिनेमा थांबवला आणि म्हणाली, "आजी, आम्ही पुण्यातसुद्धा असं बोलत नाही हो! पहिल्यापासून लावते. तुम्हीच बोला."

आणि तसंच झालं. सिनेमा मुका, हॉल बोलका. ज्यांनी नागूच्या खोलीत गोधडी डोक्यावर घेतली होती ते सगळे आपापल्या खुर्चीतून बोलायला लागले. ज्यांनी घेतली नव्हती तेही बोलले. गावकऱ्यांचा जमाव आला तेव्हा "होय होय, फार आराम आहे!" सगळ्यात मोठ्याने कोण ओरडलं, माहीत आहे? अनंतराव! बघा, लाजले. तुमच्याइतकं ते वाक्य कुणालाच जमलं नाही हो, तालमीशिवाय!

मग छोटी आली. पडद्यावर हात वर करून उभी राहिली. तोंड उघडतंय, मिटतंय. आवाज नाही. तो आवाज नागूचा होता ना! पण पहिल्या रांगेत नागूचा गळा असा भरून आला होता की पिपाणी वाजेना. सगळे थांबले. छोटी हात वर करून तशीच उभी. 

आणि शेवटच्या रांगेतून आवाज आला.

"अज्जा, मला एत्तिको!"

पवित्रा उभी होती. लोकांसमोर, पाहुण्यांसमोर, हसलेल्या आणि न हसलेल्या सगळ्यांसमोर. परत म्हणाली, आणखी जोरात, "अज्जा, मला एत्तिको ना रे! किती वेळ उभी राहू?" ते शेवटचं सिनेमात नव्हतं. ते तिचं होतं.

पडद्यावरचा राजा वाकला नाही. पण आमचा नागू उठला. खुर्च्यांमधून वाट काढत मागे गेला. डॉक्टरांनी त्याला भरलेली बादलीसुद्धा उचलायची नाही म्हणून सांगितलं होतं. पोरगी तेव्हा त्याच्या खांद्याला लागायला आली होती. तरी त्याने तिला उचललं! कमला किंचाळली, "अय्यो, हार्ट! तुमचं हार्ट!" नागू म्हणाला, "राहू दे गं, ते इथेच आहे माझ्याकडे!" लोक टाळ्या वाजवतायत, कमला शिव्या देतेय, पवित्रा हसतेय, रडतेय, सगळं एकदम. सिनेमा केव्हा संपला कुणालाच कळलं नाही.

हार्टला काही झालं नाही. डॉक्टरला सांगायला हवं होतं. त्यानंतर तो कितीतरी वर्षं जगला, बन्नूरला, वरुण्याला पडदा बांधून सिनेमा दाखवत फिरला. आवाज कधी भरलाच नाही त्यात. जिथे जाईल तिथल्या माणसांना बोलायला लावायचा. आता मृणालचा मुलगा घरी "अम्मा, साकु" म्हणतो. मृणाल तक्रार करते. तुझी चूक, यंत्र तूच बंद केलंस.

हे मी जुनं झालं म्हणून सांगत नाही. परवाचं सांगते. नागू गेला तेव्हा अनंतराव सगळ्यात आधी धावत आले. त्याच्या उशाशीच बसले आणि त्याचा हात धरून म्हणाले, "नागू, हीगे माडबारदागित्तु रे, असं करायचं नव्हतंस रे." एकच वाक्य, अर्धं कन्नड, अर्धं मराठी. अनंतराव, तुमचं एवढं सुंदर बोलणं मी कधी ऐकलं नव्हतं. खरं सांगते, थट्टा नाही.

आणि पवित्रा. आता कामाला जाते, मोठ्या साहेब लोकांत वावरते. नातेवाइकांना कळवायचं काम तिने स्वतःकडे घेतलं. मी शेजारी बसून ऐकत होते. वरुण्याला फोन, बन्नूरला फोन, पुण्याला फोन, तिच्या ऑफिसमधल्या मराठी साहेबांना फोन. सगळ्यांना एकच बोली. आवाज बदलला नाही, शब्द बदलले नाहीत. "आमचा अज्जा गेला. शांत गेला, सकाळचं ऊटा करून गेला. तुमी या." कुठेही अडखळली नाही. फोन ठेवला आणि माझ्याकडे बघून म्हणाली, "बरोबर सांगितलं ना, दोड्डम्मा?"

दोड्डम्मा मी, म्हणजे थोरली. मी तिला काय सांगणार? म्हटलं, "बरोबर का चूक, ते विचारायचे दिवस गेले पोरी."

नागू, ऐकलंस? तू काढलेला सिनेमा मोठा होता. पण तू मिळवलंस ते हे. ही पोरगी तुझ्या जाण्याची बातमी तुझ्याच तोंडाने जगाला सांगतेय. यापुढे तुला कसला हार घालायचा?

मंडळी, आता थोडा वेळ कुणीच बोलू नका. उभे राहा, बसून राहा, डोळे मिटा, उघडे ठेवा, नागूला सगळं चालायचं. फक्त त्याला मनात आणा. केस विस्कटलेला आणा. आणि हे गप्प राहणं संपलं की दारातून बाहेर पडताना पहिला जो शब्द बोलाल, तो घरातला बोला. मोठ्याने बोला. त्याला वरपर्यंत ऐकू गेला पाहिजे.

जा रे नागू. जिंकून जा. तुझ्या वैनीचा तुला नमस्कार. मोठी असले तरी आज मीच वाकते.